विश्लेषण : चाहत्यांनी बनवलेले ‘व्हिज्युअल नॉव्हेल’ गेम संगणकावर कसे बसवायचे? कोणती काळजी घ्यायची?

गेम संपतो, शेवटची नामावली सरकून जाते, तरी त्यातली पात्रे डोक्यातून जात नाहीत. अशा वेळी बहुतेक खेळाडू पुढच्या भागाची वाट पाहतात. काही जण मात्र पुढचा भाग स्वतःच लिहायला बसतात. ‘व्हिज्युअल नॉव्हेल’ या गेमप्रकारात असे चाहते मोठ्या संख्येने आहेत आणि त्यांनी बनवलेले शेकडो गेम इंटरनेटवर मोफत मिळतात. जुन्या लॅपटॉपवरही ते सहज चालतात. पण ते प्ले स्टोअरसारखे एका बटणावर इन्स्टॉल होत नाहीत. झिप फाइल, फोल्डर, पॅच, अँटिव्हायरसचा इशारा अशा टप्प्यांतून जावे लागते. नेमक्या याच टप्प्यांवर गडबड होते. कधी गेम सुरूच होत नाही, तर कधी गेमच्या नावाखाली भलतीच फाइल संगणकात शिरते. हे टाळण्यासाठी काय करावे, याविषयी…

व्हिज्युअल नॉव्हेल म्हणजे काय?

पडद्यावर पार्श्वभूमीचे चित्र, त्यावर उभी असलेली पात्रे आणि खाली संवादाची चौकट, असे या गेमचे साधारण रूप असते. क्लिक केले की पुढचे वाक्य येते. मध्येच निवड करावी लागते. कोणाची बाजू घ्यायची, कुठे जायचे, कोणता पुरावा दाखवायचा, यावर कथा वळण घेते आणि एकाच गेमचे अनेक शेवट होतात. हा प्रकार जपानमध्ये रुजला. त्यात शोधकाम, कोडी आणि चौकशीची भर घातली की त्याला ‘व्हिज्युअल नॉव्हेल अ‍ॅडव्हेंचर’ म्हणतात. कॅपकॉम कंपनीची ‘एस अ‍ॅटर्नी’ ही मालिका त्याचे ठळक उदाहरण. शू ताकुमी यांनी साकारलेला तिचा पहिला भाग २००१ मध्ये जपानमध्ये ‘गेम बॉय अ‍ॅडव्हान्स’वर आला. खेळाडू त्यात बचाव पक्षाचा वकील असतो. घटनास्थळी पुरावे गोळा करायचे आणि न्यायालयात साक्षीदाराच्या बोलण्यातली विसंगती पकडायची, असा हा खेळ.

अशा गेमसाठी महागडे ग्राफिक्स किंवा मोठी टीम लागत नाही. चांगली गोष्ट, थोडी चित्रे, थोडे संगीत आणि ते जोडणारे एक साधे इंजिन पुरते. म्हणूनच चाहते या प्रकाराकडे वळले. या क्षेत्रात सर्वाधिक वापरले जाणारे इंजिन म्हणजे ‘रेनपाय’. टॉम रॉथामेल यांनी २००४ मध्ये ते प्रसिद्ध केले. पायथन भाषेवर आधारलेले हे इंजिन मुक्तस्रोत आणि मोफत आहे.

चाहते नेमके काय बनवतात?

सगळ्यांना सरसकट ‘फॅन गेम’ म्हटले जात असले, तरी बसवण्याच्या दृष्टीने त्यांचे चार प्रकार पडतात. हातात आलेली फाइल कोणत्या प्रकारची आहे हे कळले, की निम्मे काम झाले.

पहिला प्रकार स्वतंत्र गेमचा. तो चालवायला दुसरे काही लागत नाही. ‘कतावा शोजो’ हा याचा गाजलेला नमुना. एका जपानी चित्रकाराच्या रेखाटनावरून इंटरनेटवर चर्चा सुरू झाली, त्यातून वेगवेगळ्या देशांतले हौशी लेखक आणि चित्रकार एकत्र आले. ‘फोर लीफ स्टुडिओज’ या नावाने त्यांनी काही वर्षे खपून हा गेम पूर्ण केला आणि ४ जानेवारी २०१२ रोजी मोफत प्रसिद्ध केला. २०२४ मध्ये तो स्टीमवरही आला.

दुसरा प्रकार ‘मॉड’चा. यात मूळ गेमची चित्रे आणि संगीत वापरून नवी कथा रचलेली असते, त्यामुळे मूळ गेम संगणकावर असावाच लागतो. टीम साल्व्हाटोचा ‘डोकी डोकी लिटरेचर क्लब’ सप्टेंबर २०१७ मध्ये मोफत आला. त्यावर चाहत्यांनी बनवलेल्या मॉडची रीघ अजून थांबलेली नाही. ‘मोनिका आफ्टर स्टोरी’ हा त्यातला सर्वाधिक परिचित मॉड.

तिसरा प्रकार ‘पॅच’चा. यात कथा मूळचीच राहते, बदलतात ते भाषांतर, चित्रे किंवा आवाज. टाइप-मून या जपानी गटाच्या ‘त्सुकिहिमे’ला (२०००) ‘मिरर मून’ या चाहत्यांच्या गटाने २००६ मध्ये इंग्रजी रूप दिले ते पॅचच्याच रूपाने. ‘हिगुराशी’ या रहस्यकथेच्या स्टीमवरील आवृत्तीत कन्सोलवरील चित्रे आणि संवादांचे आवाज घालणारा ‘सेव्हन्थ मॉड’ हा प्रकल्पही याच जातीचा.

चौथ्या प्रकारात चाहत्यांनी स्वतःचे इंजिनच लिहिलेले असते. ‘एस अ‍ॅटर्नी’च्या धर्तीवर नवे खटले रचण्यासाठी ‘पायराइट’ हे इंजिन आहे. इंजिन एकदा उतरवून घ्यायचे आणि मग हवे ते खटले त्यात टाकायचे. ‘एस अ‍ॅटर्नी ऑनलाइन’वरचे खटले तर थेट ब्राउझरमध्ये चालतात, तिथे काहीच बसवावे लागत नाही. या दुनियेत पहिल्यांदाच पाऊल टाकणाऱ्याने तिथूनच सुरुवात करणे सोयीचे.

डाउनलोड करण्यापूर्वी काय पाहावे?

पहिली गोष्ट म्हणजे फाइल कुठून येते. निर्मात्याचे स्वतःचे पान, इच डॉट आयओवरचे त्याचे खाते, गिटहबवरचा ‘रिलीजेस’ विभाग किंवा स्टीम, या जागा योग्य. ‘फुल व्हर्जन फ्री डाउनलोड’ असे ओरडणारी, चार-चार डाउनलोड बटणे दाखवणारी संकेतस्थळे टाळावीत. मोफत असलेला गेम तिथे पुन्हा ‘मोफत’ म्हणून देण्याचे कारण बहुधा जाहिरात असते आणि कधी कधी त्याहून वाईट काही.

याचे तांत्रिक कारण समजून घेण्यासारखे आहे. रेनपायचा गेम हा चित्रांचा अल्बम नसून चालणारा प्रोग्रॅम असतो. त्यातला पायथन कोड तुमच्या खात्याला संगणकावर जे जे करता येते, ते सगळे करू शकतो. फाइल वाचणे, बदलणे, पुसणे, इंटरनेटशी बोलणे हे सारे त्यात आले. ‘डोकी डोकी’ स्वतःच कथेचा भाग म्हणून आपल्या फोल्डरमधल्या फाइल्सशी खेळतो. चांगल्या हेतूने जे करता येते, ते वाईट हेतूनेही करता येते. ज्या लॅपटॉपवर घरची बँकिंगची कामे होतात, त्यावर अनोळखी मॉड चालवण्याआधी हे ध्यानात असू द्यावे. कार्यालयाने दिलेल्या लॅपटॉपवर तर हे प्रयोग करूच नयेत.

हाच नियम दुसऱ्याच्या ‘सेव्ह’ फाइललाही लागू होतो. अवघड भाग पार केलेली तयार सेव्ह फाइल कोणी देऊ केली, तरी ती उघडणे धोक्याचे ठरू शकते, कारण रेनपायच्या सेव्ह फाइलमध्येही कोड दडवता येतो. म्हणूनच रेनपायच्या नव्या आवृत्त्या दुसऱ्या संगणकावरून आलेली सेव्ह उघडताना इशारा देतात.

स्वतंत्र गेम कसा बसवायचा?

विंडोज संगणकावर पायऱ्या अशा :

१. ‘सी’ किंवा ‘डी’ ड्राइव्हवर ‘गेम्स’ नावाचे साधे फोल्डर इंग्रजी अक्षरांत करावे. ‘प्रोग्रॅम फाइल्स’मध्ये गेम ठेवू नये, तिथे फाइल लिहायला विंडोज अडवते. वनड्राइव्हशी जोडलेला डेस्कटॉपही टाळावा. फोल्डरच्या नावात देवनागरी अक्षरे असली, तर काही जुनी इंजिने अडखळतात.

२. झिप फाइलवर राइट क्लिक करून ‘एक्स्ट्रॅक्ट ऑल’ निवडावे आणि सगळे त्या फोल्डरमध्ये काढावे. सर्वाधिक चूक इथेच होते. झिप न सोडता आतल्याच चिन्हावर डबल क्लिक केले, तर प्रोग्रॅमला त्याच्या शेजारच्या फाइल्स सापडत नाहीत आणि तो लगेच बंद पडतो.

३. सुटलेल्या फोल्डरमध्ये ‘गेम’, ‘लिब’ आणि ‘रेनपाय’ अशी तीन उपफोल्डरे आणि त्यांच्या शेजारी गेमच्या नावाची ‘ईएक्सई’ फाइल दिसते. गेम तिच्यावर क्लिक करून सुरू होतो. ही फाइल एकटी उचलून डेस्कटॉपवर नेऊ नये. हवा असल्यास तिचा शॉर्टकट करावा.

४. ‘रीडमी’ नावाची फाइल असेल तर आधी ती वाचावी. पाच मिनिटे जातात, पण संध्याकाळ वाचते.

मॉड बसवताना वेगळे काय?

मूळ गेममध्ये थेट मॉड टाकू नये, हा पहिला नियम. ‘डोकी डोकी’चे उदाहरण घेऊ. मूळ गेम अधिकृत संकेतस्थळावरून किंवा स्टीमवरून घ्यावा आणि आधी तो पूर्ण खेळावा. बहुतेक मॉड मूळ कथा माहीत आहे असे धरूनच लिहिलेले असतात. त्यानंतर गेमचे संपूर्ण फोल्डर कॉपी करून त्या प्रतीला मॉडचे नाव द्यावे. प्रत्येक मॉडसाठी वेगळी प्रत ठेवली, की एकाच्या फाइल्स दुसऱ्यात मिसळत नाहीत.

मॉडची झिप वेगळ्या जागी सोडून आत काय आहे ते पाहावे. त्यात ‘गेम’ नावाचे फोल्डर असेल, तर ते प्रतीतल्या ‘गेम’ फोल्डरच्या जागी विलीन व्हायला हवे. ते चुकून ‘गेम’च्या आत गेले, तर मॉड दिसतच नाही आणि मूळ गेमच सुरू होतो. झिपमध्ये फोल्डर नसून नुसत्या ‘आरपीए’ आणि ‘आरपीवायसी’ फाइल्स असतील, तर त्या प्रतीतल्या ‘गेम’ फोल्डरच्या आत टाकायच्या. काही मॉड ‘स्क्रिप्ट्स’ ही मूळ आरपीए फाइल काढून टाकायला सांगतात. तसे सांगितले असेल तरच आणि प्रतीतूनच ती काढावी.

एक बारकावा. ‘डोकी डोकी लिटरेचर क्लब प्लस’ ही २०२१ मधली विकत मिळणारी आवृत्ती युनिटी इंजिनवर बनवलेली आहे. रेनपायसाठीचे मॉड तिच्यावर चालत नाहीत. पैसे भरून घेतलेल्या आवृत्तीत मॉड का बसत नाही, याचे उत्तर एवढेच आहे.

निळा इशारा आला तर?

पहिल्यांदा गेम उघडताना विंडोजचा ‘स्मार्टस्क्रीन’ निळी चौकट दाखवून गेम अडवतो. हौशी निर्माते डिजिटल स्वाक्षरीचे प्रमाणपत्र विकत घेत नाहीत आणि त्यांची फाइल फार लोकांनी उतरवलेली नसते, म्हणून विंडोजला ती अनोळखी वाटते. म्हणजे हा इशारा व्हायरस सापडल्याचा नाही. पण फाइल सुरक्षित असल्याचाही नाही.

‘मोअर इन्फो’ आणि मग ‘रन एनीवे’ दाबण्याआधी दोन तपासण्या कराव्यात. फाइल ६५० एमबीपेक्षा लहान असेल तर व्हायरसटोटलवर टाकून पाहावी, तिथे अनेक अँटिव्हायरस एकाच वेळी तपासणी करतात. मात्र स्वतःची खासगी कागदपत्रे तिथे कधीही टाकू नयेत. निर्मात्याने पानावर ‘शा-२५६’ हा अंक-अक्षरांचा ठसा दिला असेल, तर तो जुळवून पाहावा. सेव्हन-झिप हे मोफत सॉफ्टवेअर बसवले, की राइट क्लिकच्या मेनूत त्याची सोय मिळते. ठसा जुळला नाही, तर फाइल वाटेत बदललेली किंवा अर्धवट उतरलेली असते.

‘आधी अँटिव्हायरस बंद करा’ अशी सूचना कुठे दिसली, तर तिथेच थांबावे. विंडोजची प्रो आवृत्ती असणाऱ्यांना ‘विंडोज सँडबॉक्स’ चालू करून अनोळखी गेम त्यात उघडता येतो. खिडकी बंद केली की आतले सगळे पुसले जाते. होम आवृत्तीत ही सोय नाही.

गेम सुरूच होत नसेल तर?

रेनपायचा गेम कोसळला, की फोल्डरमध्ये ‘ट्रेसबॅक’ किंवा ‘एरर्स’ नावाची मजकूर फाइल तयार होते. ती नोटपॅडमध्ये उघडावी. शेवटच्या काही ओळींत कोणती फाइल सापडली नाही, हे बहुधा लिहिलेले असते. मॉडच्या बाबतीत याचा अर्थ एकतर मूळ गेमच्या फाइल्स जागेवर नाहीत, किंवा मॉड वेगळ्या आवृत्तीसाठी आहे. निर्मात्याला अडचण कळवताना हीच फाइल जोडावी. ‘गेम चालत नाही’ एवढ्यावर तो काहीच करू शकत नाही.

पडदा काळा राहत असेल, तर शिफ्ट आणि ‘जी’ एकत्र दाबून ग्राफिक्सचा पर्याय बदलता येतो. जुन्या जपानी गेममध्ये अक्षरांच्या जागी विचित्र चिन्हे दिसली, तर विंडोजच्या ‘रीजन’ सेटिंगमध्ये ‘सिस्टिम लोकेल’ जपानी करावे लागते. संपूर्ण संगणकाची सेटिंग बदलायची नसेल, तर ‘लोकेल एम्युलेटर’ हे छोटे सॉफ्टवेअर फक्त त्या गेमपुरते तेच काम करते.

मोबाइलवर का नको?

‘ईएक्सई’ फाइल मोबाइलवर चालत नाही. रेनपायमधून अँड्रॉइडचा ‘एपीके’ बनवता येतो आणि काही निर्माते तो स्वतः देतातही. पण संगणकावरच्या मॉडचा तिसऱ्याच कोणी बनवलेला एपीके टेलिग्रामवर फिरत आला, तर तो टाकू नये. यूपीआय, ओटीपीचे संदेश, फोटो हे सारे त्याच फोनमध्ये असते. झिप फाइल मोबाइलवर उतरवून केबलने संगणकावर नेणे मात्र चालते.

खेळताना उपयोगी कळा कोणत्या?

रेनपायच्या जवळपास सर्व गेममध्ये कळा सारख्याच असतात. कंट्रोल दाबून ठेवले, की संवाद भराभर पुढे सरकतात. टॅब एकदा दाबले, की तेच आपोआप सुरू राहते. माउसचे चाक वर फिरवले, की मागचे संवाद परत येतात आणि चुकलेली निवडही बदलता येते. ‘एच’ने संवादाची चौकट लपते, ‘एस’ने पडद्याचे चित्र जतन होते. ‘व्ही’ दाबल्यावर संगणक मजकूर वाचून दाखवतो. दृष्टिबाधित खेळाडूंसाठी ही सोय मोलाची आहे. शिफ्ट आणि ‘ए’ दाबल्यास अक्षरांचा आकार आणि ओळींतले अंतर वाढवता येते.

महत्त्वाच्या निवडीआधी वेगळ्या जागेत सेव्ह करण्याची सवय लावावी. विंडोजवर या सेव्ह फाइल्स ‘अ‍ॅपडेटा’ या लपलेल्या फोल्डरातील ‘रेनपाय’ विभागात राहतात. त्यामुळे गेमचे फोल्डर पुसले तरी प्रगती टिकते. काही मॉड मूळ गेमचाच सेव्ह विभाग वापरतात, म्हणून मॉड सुरू करण्याआधी त्या विभागाची एक प्रत बाजूला ठेवावी.

हे कायदेशीर आहे का?

‘मोफत आहे म्हणजे चालते’ हा समज बरोबर नाही. पात्रे, चित्रे आणि संगीत यांवर मूळ निर्मात्याचा हक्क असतो. भारतातही कॉपीराइट कायदा, १९५७ त्याला संरक्षण देतो. फॅन गेम तग धरतात ते बहुतेक वेळा हक्कधारकाच्या परवानगीवर किंवा त्याच्या मौनावर. टीम साल्व्हाटोने चाहत्यांच्या निर्मितीसाठी लेखी नियमावली दिली आहे, म्हणून ‘डोकी डोकी’च्या मॉडना मोकळे मैदान मिळाले. सर्वांचे नशीब तसे नसते. ‘किंग्ज क्वेस्ट’ या जुन्या अ‍ॅडव्हेंचर मालिकेवर चाहत्यांनी रचलेला ‘द सिल्व्हर लायनिंग’ २००५ मध्ये व्हिवेंडीच्या नोटिशीमुळे थांबला. तडजोडीनंतर काम पुन्हा सुरू झाले, तर २०१० मध्ये अ‍ॅक्टिव्हिजनने ते अडवले. अखेर चर्चेतून मार्ग निघाला आणि त्याच वर्षी जुलैमध्ये पहिला भाग मोफत प्रसिद्ध झाला.

खेळाडूच्या हातात काही गोष्टी नक्की असतात. पॅचसाठी मूळ गेम विकतच घ्यावा. मूळ गेम आतच भरून ‘तयार’ म्हणून वाटला जाणारा पॅच घेऊ नये. चाहत्याने मोफत दिलेला मॉड कोणी पैसे घेऊन विकत असेल, तर तो विकत घेऊ नये. अशा विक्रीमुळेच हक्कधारक जागे होतात आणि फटका मात्र वर्षानुवर्षे विनामोबदला राबलेल्या निर्मात्यांना बसतो.

मुलांच्या हाती द्यावेत का?

कार्टूनसारखी चित्रे पाहून निर्णय घेऊ नये. ‘डोकी डोकी’ शाळेतल्या गोड गोष्टीसारखा सुरू होतो, पण तो मानसिक भयकथेचा गेम आहे. त्यात नैराश्य आणि आत्महत्येचे प्रसंग आहेत. लहान मुलांसाठी आणि सहज अस्वस्थ होणाऱ्यांसाठी तो नाही, असे गेम स्वतःच सुरुवातीला बजावतो. ‘कतावा शोजो’ अपंग विद्यार्थ्यांच्या शाळेत घडतो आणि त्यांच्याकडे समजुतीने पाहतो. तरी त्यात प्रौढांसाठीचे प्रसंग आहेत. ते बंद ठेवण्याची सोय असली, तरी गेम मोठ्यांचाच आहे. फॅन गेमना वयाचे अधिकृत प्रमाणपत्र बहुधा नसते. त्यामुळे निर्मात्याच्या पानावरचा आशयाचा इशारा पालकांनी आधी वाचणे, हाच उपाय.

मराठीत असे गेम होऊ शकतील?

अनेक वर्षे यात एक तांत्रिक अडथळा होता. रेनपायच्या जुन्या आवृत्त्यांना देवनागरीची जोडाक्षरे जुळवता येत नसत. ऱ्हस्व इकार अक्षराच्या मागे जाई आणि ‘क्ष’चे तुकडे पडत. अलीकडच्या आवृत्त्यांत ‘हार्फबझ’ ही अक्षरजुळणीची प्रणाली आल्याने हा प्रश्न सुटला आहे. इंजिनासोबत येणाऱ्या फॉन्टमध्ये देवनागरी नाही, म्हणून सुरुवातीला मजकुराच्या जागी नुसते चौकोन दिसतात. मुंबईच्या ‘एक टाइप’ने बनवलेला ‘मुक्ता’ किंवा ‘नोटो सॅन्स देवनागरी’ असा मुक्त परवान्याचा फॉन्ट गेमच्या फोल्डरमध्ये टाकून सेटिंगमध्ये त्याचे नाव दिले, की काम होते.

भाषांतरासाठीही वेगळे सॉफ्टवेअर लागत नाही. ज्याच्याकडे गेमचा मूळ प्रकल्प आहे, त्याला रेनपायच्या लाँचरमधून भाषांतराच्या फाइल्स तयार करता येतात. प्रत्येक संवादाखाली मराठी वाक्य लिहीत जायचे, एवढेच काम उरते. त्यासाठी निर्मात्याला आधी पत्र लिहून परवानगी मागावी. होकार मिळाल्यास प्रकल्पाच्या फाइल्स थेट त्याच्याकडूनच मिळतात आणि मराठी आवृत्ती त्याच्या अधिकृत पानावरून खेळाडूंपर्यंत पोहोचू शकते.